मधली सोळा वर्षे

वाचक भगिनीचे पत्र (संक्षेपाने): “मी अडतीस वर्षांची आहे. पंधरा वर्षे नाटक आणि मालिका करते आहे. शेवटची मालिका वर्षापूर्वी अचानक बंद झाली आणि तिच्या शेवटच्या चार महिन्यांचे पैसे अजून मिळालेले नाहीत. करारनामा घेऊन वकिलांकडे गेले, तेव्हा आपण इतकी वर्षे न वाचताच सह्या करत आलो हे लक्षात आले, आणि त्यानंतर कायद्याची पुस्तके वाचण्याचा मला नादच लागला. बी.ए. मी बारावीनंतर दौऱ्यांमुळे मुक्त विद्यापीठातून केले. आता एलएलबी करावे असे मनात आहे. नेमके याच वेळी एका पक्षाच्या जिल्हाध्यक्षांनी प्रवेशाचे निमंत्रण दिले आहे. महिला आघाडीत पद आत्ता देऊ, पुढच्या विधानसभेचे तेव्हा पाहू, असे ते म्हणतात. यजमानांचे मत असे की, लोकांना चेहरा आठवतो आहे तोवरच पक्षात जावे, कायदा नंतरही शिकता येईल. अमेरिकेतल्या शीला क्यूल अभिनेत्रीच्या वकील झाल्या आणि वकिलाच्या लोकप्रतिनिधी, असे वाचले आणि धीर आला. पण माझे वय उलटून गेले आहे का? आधी काय करू? आणि कोर्टात उभी राहिले तर ‘नाटकवाली’ म्हणून हसतील का? नाव-गाव छापू नये.”

सप्रेम नमस्कार.

वयाचा प्रश्न तुम्ही सर्वांत आधी विचारला आहे, पण तुमच्या तीन प्रश्नांत सोपा तोच आहे. पदवीनंतरच्या तीन वर्षांच्या एलएलबीसाठी महाराष्ट्रात राज्य सामाईक प्रवेश परीक्षा कक्षाची सीईटी द्यावी लागते, ती मराठीतूनही देता येते आणि तिला वयाची वरची मर्यादा नाही. खुल्या प्रवर्गासाठी पदवीला ४५ टक्के गुण लागतात. बारावी रीतसर उत्तीर्ण होऊन पुढची पदवी दूरस्थ पद्धतीने घेतलेली असेल, तर ती बार कौन्सिल ऑफ इंडिया या वकिली व्यवसायाचे नियमन करणाऱ्या संस्थेच्या २००८ च्या विधिशिक्षण नियमांनुसार चालते. अडचण त्यांची होते, जे बारावी न करताच मुक्त विद्यापीठाच्या पदवीला थेट बसलेले असतात. तुम्ही त्यांत नाही. तेव्हा हा विषय येथे संपवू आणि ज्या बाईंच्या गोष्टीने तुम्हाला धीर आला, त्यांच्याकडे वळू, कारण ती गोष्ट तुम्ही अर्धीच वाचलेली दिसते.

शीला क्यूल यांचा जन्म १९४१ चा. लहानपणापासून त्या शीला जेम्स या नावाने पडद्यावर होत्या आणि १९५९ ते १९६३ या काळात एका लोकप्रिय विनोदी मालिकेतली झेल्डा म्हणून अमेरिकेतल्या घराघरांत पोहोचल्या होत्या. त्या पात्राभोवती स्वतंत्र मालिका काढण्याचे ठरले, पहिला भागही चित्रित झाला, पण वाहिनीने ती नाकारली. पुढे कामे आटत गेली. त्यांच्या खासगी आयुष्याविषयीची कुजबुज हे त्यामागचे एक कारण होते, असे त्यांनी स्वतः नंतर उघडपणे सांगितले आहे. मग त्यांनी आपल्याच विद्यापीठात विद्यार्थ्यांशी संबंधित प्रशासकीय नोकरी केली आणि १९७५ मध्ये, वयाच्या चौतिसाव्या वर्षी, हार्वर्डच्या विधी विद्यालयात प्रवेश घेतला. १९७८ मध्ये पदवी मिळाली. कॅलिफोर्नियाच्या विधानसभेवर त्या निवडून आल्या त्या १९९४ मध्ये, म्हणजे वयाच्या त्रेपन्नाव्या वर्षी.

१९७८ ते १९९४ ही मधली सोळा वर्षे सहसा कोणी सांगत नाही, कारण त्यांत सांगण्यासारखे नाट्य नाही. त्या काळात त्यांनी वकिली केली, कायदा शिकवला, स्त्रियांच्या कायदेशीर प्रश्नांसाठी काम करणाऱ्या एका केंद्राच्या स्थापनेत भाग घेतला आणि कौटुंबिक हिंसाचारासारख्या विषयांवरच्या कायद्यांचे मसुदे तयार करून ते आमदारांच्या गळी उतरवण्यासाठी कॅलिफोर्नियाच्या राजधानीत खेपा घातल्या. विधानसभेत पाऊल टाकले तेव्हा कायदा कसा लिहिला जातो, कोणत्या टप्प्यावर त्याचे दात काढले जातात आणि कोणता शब्द बदलला की सगळे कलम निरुपयोगी होते, हे त्यांना सभागृहातल्या कित्येक जुन्या सदस्यांपेक्षा अधिक ठाऊक असणार. सभापतींच्या अनुपस्थितीत सभागृह चालवण्याचे पद १९९७ मध्ये त्यांच्याकडे आले, आणि त्या पदावरच्या त्या पहिल्या महिला होत्या. पुढे राज्याच्या सिनेटमध्ये असताना २००२ मध्ये, आजारी आप्ताची किंवा नव्या बाळाची काळजी घेण्यासाठी नोकरदारांना अंशतः पगारी रजा देणारा कायदा त्यांनी मांडून संमत करून घेतला. अमेरिकेतल्या कोणत्याही राज्यात तोवर असा कायदा नव्हता. झेल्डाची ओळख त्यांना प्रचारात उपयोगी पडली नसेल असे मी म्हणत नाही. पण तो कायदा झेल्डाने केलेला नाही.

मला जे सांगायचे आहे ते एवढ्यासाठीच की, वकिली ही अभिनय आणि राजकारण यांच्यामधली पायरी आहे असे समजून तुम्ही तिच्याकडे जाणार असाल, तर जाऊ नका. तीन वर्षे, एक परीक्षा आणि काळा कोट एवढ्यावर ‘ॲडव्होकेट’ ही उपाधी नावामागे लागते आणि प्रचारपत्रकावर शोभूनही दिसते, पण तेवढ्यासाठी तुमच्या आयुष्यातली तीन वर्षे फार महाग आहेत. उलट, तो करारनामा वाचताना तुम्हाला जी ओढ वाटली ती खरी असेल (तुमच्या पत्राच्या त्या परिच्छेदातले अक्षरसुद्धा बदलले आहे, म्हणून मला ती खरी वाटते), तर कायदा आधी शिका आणि राजकारणाचे दार काही वर्षे नुसते लोटून ठेवा.

आता तुमच्या यजमानांचे म्हणणे. ते चुकीचे नाही, आणि ते तुमच्या काळजीपोटी बोलत आहेत हे उघड आहे. चेहऱ्याची ओळख नाशवंत असते. मालिका बंद झाली की वर्षभरात लोक पात्राचे नाव विसरतात, हे तुम्हाला माझ्यापेक्षा चांगले ठाऊक आहे. मात्र त्यावरून त्यांनी काढलेला निष्कर्ष मला पटत नाही. पक्षाला तुमचा उपयोग कोणत्या कामासाठी आहे, ते आधी पाहा. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या ७७ व्या कलमानुसार मान्यताप्राप्त पक्षाला चाळीसपर्यंत स्टार प्रचारकांची यादी देता येते आणि त्यांच्या प्रवासाचा खर्च उमेदवाराच्या खर्चात धरला जात नाही. गर्दी जमवणारा चेहरा अशा यादीत फार मोलाचा असतो. त्याच्या मतांची कोणाला गरज नसते, आणि ‘मतांची’ हा शब्द मी येथे दोन्ही अर्थांनी वापरते आहे. शिवाय २०२३ च्या १०६ व्या घटनादुरुस्तीने लोकसभेत आणि विधानसभांत स्त्रियांसाठी एक तृतीयांश जागा राखीव ठेवण्याची तरतूद केली आहे. ती जनगणनेशी आणि मतदारसंघांच्या पुनर्रचनेशी जोडलेली असली, तरी २८८ जागांच्या विधानसभेत ती लागू झाली की ९६ स्त्रिया लागणार, हा हिशेब प्रत्येक जिल्हाध्यक्षाने करून ठेवलेला असतो. त्यांनी तुम्हाला दिलेला शब्द ‘पाहू’ एवढाच आहे. नाट्यव्यवसायात निर्माता ‘पुढच्या नाटकात पाहू’ म्हणतो तेव्हा आपण त्याचा अर्थ काय लावतो, ते आठवा.

ओळख असली की मते मिळतातच, असेही नाही. ऊर्मिला मातोंडकर यांच्याइतका परिचित चेहरा मराठी माणसाला शोधावा लागला नसता, आणि त्यांनी प्रचारही मन लावून केला होता, तरी २०१९ मध्ये मुंबई उत्तर मतदारसंघात त्यांचा साडेचार लाखांहून अधिक मतांनी पराभव झाला. पुढच्या वर्षी विधान परिषदेच्या राज्यपालनियुक्त बारा जागांसाठी तत्कालीन सरकारने पाठवलेल्या यादीत त्यांचे नाव होते, पण त्या यादीवर कधी स्वाक्षरीच झाली नाही. यात त्यांचा काही दोष नव्हता. मुद्दा इतकाच की, घटनेच्या १७१ व्या कलमाने कलावंतांसाठी ठेवलेले ते दार कधी उघडेल आणि कोण उघडेल, हे कलावंताच्या हाती नसते. याउलट डॉ. अमोल कोल्हे २०१९ मध्ये शिरूरमधून निवडून आले आणि २०२४ मध्ये पुन्हा आले. त्यांनी पडद्यावर साकारलेल्या भूमिकांचे त्यात मोठे बळ होते, हे कोणी नाकारणार नाही. परंतु दुसऱ्या वेळी मतदार पाच वर्षांचे काम मागतो. ते काम दाखवायला तुमच्याजवळ आत्ता काय आहे, हा प्रश्न मी तुम्हाला दुखवण्यासाठी विचारत नाही. जिल्हाध्यक्षांनी तो विचारलेला नाही, म्हणून मला विचारावा लागतो.

वेळापत्रकही पाहा. आत्ताची विधानसभा २०२४ च्या नोव्हेंबरमध्ये निवडून आली आहे आणि तिची मुदत पाच वर्षांची आहे. तुम्ही पदवी घेऊन बाहेर पडाल, त्याच सुमारास पुढच्या निवडणुकीचा धुरळा उडू लागेल. तेव्हा तुम्हाला पुन्हा निमंत्रण येईल, कदाचित अधिक आग्रहाचे, कारण आता चेहऱ्याबरोबर पदवीही असेल. माझा सल्ला असा की, तेही नाकारावे. मधली सोळा वर्षे तुम्ही काढावीत असे माझे म्हणणे नाही, पण निदान चार-पाच वर्षे प्रत्यक्ष न्यायालयात घालवल्याशिवाय उमेदवारीचा अर्ज भरू नका.

अभ्यासक्रमाविषयी थोडे व्यवहाराचे बोलते. एलएलबी हा पूर्णवेळ अभ्यासक्रम आहे, तो घरबसल्या करता येत नाही. प्रत्येक विषयाला सत्तर टक्के हजेरी लागते आणि सबळ कारण असल्यास ती पासष्टपर्यंत खाली येऊ शकते. हजेरीच्या सक्तीवर न्यायालयांत बरीच उलटसुलट चर्चा झाली आहे, पण त्या चर्चेच्या भरवशावर वर्ग बुडवू नका. बार कौन्सिलने २०२४ च्या सप्टेंबरमध्ये महाविद्यालयांना पाठवलेल्या परिपत्रकानुसार, शिकत असताना नोकरी किंवा व्यवसाय करायचा असेल तर त्याची माहिती देऊन ना-हरकत प्रमाणपत्र द्यावे लागते. महिन्यातले पंचवीस दिवस आणि दिवसाचे बारा-तेरा तास मागणारी दैनंदिन मालिका या चौकटीत बसणार नाही. शनिवार-रविवारचे नाटकाचे प्रयोग बसू शकतील. तेव्हा महाविद्यालयात प्रवेश घेताना अभिनयाचे काम लपवू नका, लेखी कळवा. लपवले तरी ते लपणार नाही. तुमचे काम ज्या प्रकारचे आहे, त्याचा पुरावा रोज रात्री घराघरांत दिसतो. पैशांचे गणित मात्र बसून करावे लागेल. पर-डेच्या, म्हणजे दिवसाच्या मानधनाच्या, हिशेबाची सवय झालेल्या घरात तीन वर्षे फक्त नाइटवर, म्हणजे प्रत्येक प्रयोगामागे मिळणाऱ्या मानधनावर, भागवणे सोपे नाही, आणि त्यानंतरची दोन-तीन वर्षेही फार वेगळी नसतात. ज्युनिअर वकिलाला शहरात दरमहा किमान वीस हजार आणि ग्रामीण भागात पंधरा हजार विद्यावेतन द्यावे अशी बार कौन्सिलने २०२४ मध्ये शिफारस केली आहे, पण ती शिफारसच आहे. मी वकिलीला सुरुवात केली तेव्हा सीनियरांनी मला पहिले सहा महिने चहा पाजला, आणि तोही त्यांच्या अशिलांच्या खात्यावर.

पदवीनंतर महाराष्ट्र व गोवा बार कौन्सिलकडे सनदेसाठी, म्हणजे वकिलीच्या परवान्यासाठी, नोंदणी करावी लागते. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२४ च्या निकालानंतर या नोंदणीसाठी खुल्या प्रवर्गातल्या उमेदवाराकडून ७५० रुपयांपेक्षा जास्त शुल्क घेता येत नाही. त्यानंतर अखिल भारतीय बार परीक्षा. येथवर सगळे सरळ आहे. पण तुमच्यासारख्या व्यक्तीला ज्या दोन नियमांचा खरा काच होईल, ते यानंतर सुरू होतात आणि त्यांची कल्पना आधीच असलेली बरी. पहिला असा की, सनदधारक वकिलाला स्वतः दुसरा धंदा चालवता येत नाही आणि पूर्णवेळ पगारी नोकरी करता येत नाही. प्रसारण, पत्रकारिता, व्याख्याने, अध्यापन यांना नियमांत मुभा आहे, परंतु अभिनयाचा तेथे नावाने उल्लेख नाही. तेव्हा अधूनमधून नाटक करायचे असले तरी बार कौन्सिलकडे लेखी विचारणा करा. आणि पुन्हा मोठी मालिका स्वीकारायची वेळ आली, तर तेवढ्या काळापुरती सनद स्थगित करून घ्या. दुसरा नियम जाहिरातबंदीचा. वकिलाने काम मिळवण्यासाठी कोणत्याही प्रकारे स्वतःची जाहिरात करायची नाही. २०२५ च्या मार्चमध्ये बार कौन्सिलने चित्रपट कलाकारांना पुढे करून होणाऱ्या कायदेविषयक सेवांच्या प्रचारावर स्वतंत्र निवेदन काढून ताकीद दिली आहे. पंधरा वर्षे ज्या ओळखीवर तुम्हाला कामे मिळत गेली, ती ओळख या व्यवसायात वापरण्यास मनाई आहे. कोट घातलेला फोटो समाजमाध्यमांवर टाकून खाली ‘सल्ल्यासाठी संपर्क साधा’ लिहिले, तर तुमच्याविरुद्ध पहिली तक्रार त्याच आठवड्यात होईल, आणि ती करणारे तुमच्याच बार रूममधले असतील.

यावरून तुमच्या तिसऱ्या प्रश्नाकडे येते. हसतील का? काही जण हसतील. पहिल्या दिवशी बेंच क्लार्क तुम्हाला पात्राच्या नावाने हाक मारील आणि न्यायाधीशांनीसुद्धा क्षणभर वर पाहिलेले तुम्हाला दिसेल. हे दोन-तीन महिने चालते. त्यानंतर बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या प्रकरणांच्या यादीत, तुमचे मॅटर कितव्या क्रमांकावर आहे आणि तुम्ही कागद वाचून आला आहात की नाही, एवढेच उरते. मोहनदास गांधी लंडनहून बॅरिस्टर होऊन आले आणि मुंबईच्या लघुवाद न्यायालयात आपल्या पहिल्या खटल्यात उलटतपासणीला उभे राहिले, तेव्हा त्यांच्या तोंडून शब्दच फुटेना. तीस रुपये फी परत करून त्यांनी तो खटला दुसऱ्या वकिलाकडे सोपवला आणि ते तेथून निघून गेले. असे तुमचे होणार नाही. चारशे माणसांसमोर संवाद विसरूनही प्रवेश रेटून नेलेला नट न्यायाधीशांपुढे गांगरत नाही.

तुमची अडचण नेमकी उलट असेल. नटाला बोलायचे असते, आणि चांगल्या उलटतपासणीत वकिलाला थांबायचे असते. रंगभूमीवर समोरच्याचे वाक्य तुम्हाला आधीपासून पाठ असते, आणि ऐकण्याचा अभिनय करता करता तुम्ही आपल्या पुढच्या वाक्याची तयारी करत असता. येथे साक्षीदार काय बोलेल हे कोणालाच माहीत नसते. तो सहज एक शब्द बोलून जातो, त्यातच तुमचा खटला असतो, आणि तुम्ही आपल्या पुढच्या प्रश्नाच्या नादात असाल तर तो हातचा जातो. माझ्या ओळखीच्या एका हौशी नटाने वकिलीत पहिली दोन वर्षे फार सुंदर युक्तिवाद केले आणि बहुतेक सगळे हरला. आवाज उत्तम, उच्चार स्वच्छ, आणि न्यायाधीशांनी मध्येच प्रश्न विचारला की याला व्यत्यय आल्यासारखे वाटायचे. तो प्रश्न म्हणजेच खरी सुनावणी, हे त्याला तिसऱ्या वर्षी कळले. शिवाय न्यायालयात उभे राहून बोलणे हा या धंद्याचा फार लहान भाग आहे. बाकीचे सगळे दावे, कैफियती, अर्ज आणि प्रतिज्ञापत्रे लिहिणे, नकला काढणे, तारखा सांभाळणे आणि अशिलाला ‘आज काही झाले नाही’ हे सांगण्याची रीत शोधणे. तेथे टाळी नाही. तुम्हाला टाळीवाचून किती दिवस राहता येते, ते मात्र तुमचे तुम्हालाच पाहावे लागेल.

मध्येच एक तातडीचे सांगते, विसरायला नको. तुमच्या चार महिन्यांच्या थकलेल्या पैशांसाठी स्वतः वकील होईपर्यंत थांबू नका. मुदत कायद्याप्रमाणे अशा वसुलीचा दावा पैसे देय झाल्यापासून तीन वर्षांच्या आत करावा लागतो, आणि मालिकांत बहुधा नव्वद दिवसांनी पैसे मिळत असल्यामुळे प्रत्येक महिन्याच्या रकमेची तारीख वेगळी धरावी लागेल. एक वर्ष गेलेच आहे. करारात लवादाचे कलम असेल, तर आधी लवादाची मागणी करणारी नोटीस द्यावी लागेल, आणि मुदत तेथेही तीच. तोंडी आश्वासनांनी मुदत वाढत नाही. थकबाकी मान्य असल्याचे निर्मात्याने मुदत संपण्याच्या आत सहीनिशी लेखी दिले, तर ती त्या तारखेपासून नव्याने मोजली जाते. ज्या वकिलांकडे गेला होतात, त्यांच्याकडे याच महिन्यात परत जा.

आणि आता मला तुमच्या पत्रातली जी एक ओळ सर्वांत महत्त्वाची वाटली, तिच्याविषयी. वरच्या संक्षेपात ती घेतलेली नाही. तुम्ही लिहिले आहे की, तुमच्या मालिकेतली सात वर्षांची मुलगी रात्री साडेनऊला सेटवर झोपेने पेंगत होती आणि तिला उठवून ‘एकच शॉट’ म्हणून उभे केले गेले, तेव्हा तुम्ही काही बोलला नाहीत, याची तुम्हाला अजून टोचणी आहे. बालकलाकारांविषयी केंद्र सरकारचे २०१७ चे नियम आहेत. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी हवी आणि मिळणाऱ्या मोबदल्यातला किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावे मुदतठेवीत गेला पाहिजे. त्या रात्री सेटवर हे नियम ठाऊक असणारे कोणी होते का, आणि असले तर बोलण्याइतके सुरक्षित होते का, हे तुम्ही सांगू शकता. मी सांगू शकत नाही, कारण मी कधी सेटवर गेलेली नाही. तसेच कॉपीराइट कायद्यात २०१२ मध्ये झालेल्या दुरुस्तीने कलावंताला त्याच्या सादरीकरणाच्या व्यापारी वापराबद्दल स्वामित्वधनाचा हक्क ३८अ कलमात दिला आहे. आपल्याकडे किती कलावंत करारावर सही करताना त्याविषयी विचारतात? तुम्हीही विचारले नव्हते. कार्यस्थळी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा दहा किंवा अधिक माणसे काम करतात अशा जागी अंतर्गत समिती मागतो, आणि चित्रीकरणाची जागा आज एक बंगला तर उद्या दुसरे शहर असते. तेथे ती समिती कुठे बसते?

हे सगळे वकिलीचे काम आहे आणि ते दुसऱ्या वकिलापेक्षा तुम्हाला चांगले करता येईल, कारण ज्यांच्यासाठी ते करायचे त्यांची भाषा तुमची आहे. कॉल टाइम म्हणजे काय, ‘पॅच’ म्हणजे काय, रात्रीच्या पाळीनंतर घरी जायला गाडी मिळाली नाही तर मेकअप करणारी मुलगी कुठे थांबते, हे तुम्हाला कोणी समजावून सांगायला नको. असे पाच वर्षे काम केल्यावर तुमच्या ध्यानात येईल की, काही गोष्टी न्यायालयात सुटतच नाहीत, कारण नियमच अपुरा आहे किंवा तो राबवणारा अधिकारी नेमलेलाच नाही. राजकारणात जाण्याची वेळ ती. तेव्हा कोणत्या पक्षाचे निमंत्रण आले आहे यापेक्षा, तुमच्याजवळ मांडण्यासाठी कोणता मसुदा आहे, हा प्रश्न मोठा होईल. आणि निवडून आल्यावर वकिली सोडावी लागेल ही भीतीही नको. आमदार-खासदार हे पगारी नोकर नव्हेत, म्हणून त्यांना वकिली करता येते, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये दिला आहे.

जिल्हाध्यक्षांना नकार देताना संबंध तोडू नका. भेटून, आभार मानून सांगा की, तीन वर्षे शिक्षणासाठी हवी आहेत आणि तोवर कोणत्याही व्यासपीठावर बसणार नाही. दुसऱ्या पक्षाच्याही नाही, हे आवर्जून सांगा. त्यांना तुमच्याविषयी खरा आदर असेल तर तो टिकेल. उद्या सकाळी त्यांनी दुसऱ्या एखाद्या अभिनेत्रीला तेच पद देऊ केले, तर तुमच्या यजमानांना दाखवायला चांगला पुरावा मिळेल. यजमानांशी मात्र पैशांचा आराखडा कागदावर मांडूनच बोला. चेहरा किती दिवस टिकतो या वादात दोघांनाही हाती काही लागणार नाही, तीन वर्षांचे घरभाडे कसे द्यायचे यात लागेल.

सीईटीचा अर्ज भरण्याआधी एक करा. भारतातली न्यायालये सामान्यतः सर्वांना खुली असतात. सलग पाच दिवस, रोज सकाळी साडेदहा ते दुपारी दीड, तुमच्या शहरातल्या दिवाणी न्यायालयात मागच्या बाकावर जाऊन बसा. भाषणे ऐकायला मिळतील या अपेक्षेने जाऊ नका. पंधरा मॅटरांत तारखा पडतील, एखाद्यात वकील गैरहजर असेल, एखाद्यात साक्ष चालेल आणि ती लिहून घेणाऱ्याच्या वेगाने पुढे सरकेल. बहुतेक माणसे पहिल्या दिवशी बाराच्या सुमारास कंटाळून उठतात. तुम्ही तिसऱ्या दिवशी कालच्या त्या मॅटरचे पुढे काय झाले हे पाहायला आपणहून लवकर गेलात, तर मला दोन ओळी लिहून कळवा. आणि जाताना ओढणी डोक्यावरून घ्या, कारण कोणी ओळखून फोटो मागितला तर न्यायालयाचा शिपाई आधी तुम्हालाच बाहेर काढील.

आपली,
सदरलेखिका